नाव नसलेला संशोधक

(प्राचार्यांच्या लेखणीतून)



मागच्या सत्रात विज्ञानाचे शिक्षक रजेवर होते म्हणून एक दिवस आठवीच्या वर्गावर मी गेलो. बोलता बोलता विषय घड्याळांवर आला आणि मागच्या बाकावरून प्रश्न आला, "सर, टाइम मशीन कुणी बनवली?" लगेच दुसऱ्याने उत्तर दिले, "वेल्सने." त्यावर एक मुलगी म्हणाली, "वेल्स लेखक होता रे. मशीन त्याच्या गोष्टीतल्या माणसाने बनवली." "मग त्या माणसाचं नाव काय?" वर्ग गप्प झाला. खरे सांगायचे तर मीही गप्प झालो, कारण मला नाव आठवेना. घरी जाऊन पुस्तक उघडले तेव्हा उलगडा झाला. त्या माणसाला लेखकाने नावच दिलेले नाही! पूर्ण कादंबरीत तो फक्त 'कालप्रवासी' आहे.

पण तास संपल्यावर ज्याने पहिला प्रश्न विचारला होता तो मुलगा दारापाशी थांबला होता. हळूच म्हणाला, "सर, पुढे जायचं नाही. मागे जाता येतं का?" त्याने असे का विचारले ते मला ठाऊक आहे, आणि ते इथे लिहिण्याचे कारण नाही. वाचून सांगतो, असे मी त्याला म्हटले होते. सांगायला बरेच महिने लागले. हा लेख म्हणजे तेच उत्तर आहे, आणि ते इतरांच्याही उपयोगी पडेल असे वाटल्याने वार्तापत्रात देत आहे.

हर्बर्ट जॉर्ज वेल्स याचा जन्म २१ सप्टेंबर १८६६ रोजी इंग्लंडमधील ब्रॉमली या गावी झाला. वडिलांचे काचसामानाचे छोटे दुकान होते, पण ते फारसे चालत नसे. वडील चांगले गोलंदाज होते. १८६२ साली केंट संघाकडून ससेक्सविरुद्ध त्यांनी ओळीने चार चेंडूंत चार बळी घेतले होते. (आपल्या क्रिकेटवीरांनी हे लक्षात ठेवावे.) पुढे मांडीचे हाड मोडले आणि क्रिकेटही गेले, त्यातून मिळणारे चार पैसेही गेले. आईला एका जमीनदाराच्या अपपार्क नावाच्या मोठ्या वाड्यात नोकरी धरावी लागली. हर्बर्टला कापडाच्या दुकानात उमेदवारीला ठेवले. रोज तेरा तास उभे राहायचे, गठ्ठे उचलायचे, रात्री दुकानातल्याच सामायिक खोलीत झोपायचे. तो तिथून पळाला. एका शाळेत शिकाऊ शिक्षक म्हणून राहिला, आणि १८८४ साली शिष्यवृत्ती मिळवून लंडनच्या साउथ केन्सिंग्टन येथील विज्ञान महाविद्यालयात पोचला. तिथे त्याला जीवशास्त्र शिकवायला थॉमस हक्सले होते, ज्यांनी डार्विनची बाजू भर सभांतून लढवली होती. हक्सलेंच्या वर्गात मुलगा चमकला. पुढे मात्र अभ्यासापेक्षा वादविवाद मंडळ आणि लिखाण यांतच रमला, आणि १८८७ साली भूगर्भशास्त्रात नापास होऊन पदवीविनाच बाहेर पडला.

नापास होणे चांगले असते असे मी म्हणत नाही, पालकांनी गैरसमज करून घेऊ नये. पदवी त्याने पुढे १८९० साली लंडन विद्यापीठातून घेतलीच. पण त्याच महाविद्यालयात असताना त्याने मित्रांबरोबर एक विद्यार्थी मासिक सुरू केले होते, 'सायन्स स्कूल्स जर्नल'. आणि १८८८ साली, वयाच्या २१ व्या वर्षी, त्याच मासिकात त्याने तीन भागांत एक कथा छापली. तिचा नायक होता डॉक्टर मोझेस नेबोगिपफेल. हा विक्षिप्त संशोधक वेल्समधील (इथे 'वेल्स' म्हणजे इंग्लंडच्या शेजारचा प्रदेश, लेखक नव्हे) एका खेड्यातल्या पडक्या घरात येऊन राहतो आणि रात्रंदिवस काहीतरी ठोकत बसतो. गावकऱ्यांना वाटते हा चेटूक करतो. ते घरावर चालून जातात, आणि डॉक्टर आपल्या यंत्रात बसून गावच्या पाद्रीबुवांसह सर्वांच्या डोळ्यांदेखत नाहीसा होतो. कथा तिथेच अर्धवट राहिली. पुढे आत्मचरित्रात वेल्सने स्वतःच तिला नावे ठेवली आहेत. पण काळात ये-जा करणाऱ्या त्या जगप्रसिद्ध संशोधकाचा पहिला जन्म असा एका विद्यार्थी मासिकात, आपल्या या वार्तापत्रासारख्याच पानांवर झाला.

मधली काही वर्षे वेल्सने शिक्षकाची नोकरी केली. एका शाळेत फुटबॉल खेळताना मुलाची लाथ लागून मूत्रपिंडाला इजा झाली, फुप्फुसातून रक्त पडू लागले, महिनोन् महिने अंथरुणात गेले. शिकवणे सोडून तो पूर्ण वेळ लिहू लागला. ती गोष्ट मात्र त्याने सोडली नाही, पुन्हा पुन्हा नव्याने लिहिली. १८९४ च्या उन्हाळ्यात सेव्हनओक्स गावी भाड्याच्या घरात उघड्या खिडकीशी बसून तो रात्री लिहीत असे, दिव्यावर पतंग येत, आणि बाहेर घरमालकीण दिवा फार जळतो म्हणून कुरकुर करत असे. १८९५ साली 'द टाइम मशीन' मासिकात क्रमशः आणि मग पुस्तकरूपाने आली. डॉक्टर नेबोगिपफेल गेला होता आणि त्याच्या जागी आला होता बिननावाचा कालप्रवासी.

त्याच्याविषयी आपल्याला काय माहीत आहे? तो लंडनजवळ रिचमंडला राहतो. दर गुरुवारी त्याच्याकडे मित्र जेवायला जमतात: एक डॉक्टर, एक मानसशास्त्रज्ञ, एक नगराध्यक्ष, आणि प्रत्येक गोष्टीला आडवे लावणारा तांबड्या केसांचा फिल्बी. एका गुरुवारी तो त्यांना सांगतो की लांबी, रुंदी आणि उंची याप्रमाणेच काळ हीसुद्धा एक मिती आहे. एखादा घन क्षणभरही टिकला नाही, तर तो आहे असे म्हणता येईल का? म्हणजे वस्तूला 'टिकणे' हीदेखील एक लांबीच आहे.

इथे थोडे विषयांतर करतो. मी बी.एस्सी. हिंदी माध्यमातून केले. तिथे 'मिती'ला शब्द होता 'विमा'. घरी मराठी बोलणारा मुलगा मी. पहिल्या दिवशी गुरुजींनी फळ्यावर 'विमा' लिहिले तेव्हा मला वाटले की भौतिकशास्त्राच्या तासाला आयुर्विम्याचा एजंट आला! चौथी मिती मला समजली ती बऱ्याच उशिरा, आणि ती या कादंबरीमुळे. वेल्सने हे लिहिले तेव्हा आइन्स्टाइन सोळा वर्षांचा होता. त्याचा विशेष सापेक्षता सिद्धांत १९०५ चा, आणि अवकाश व काळ एकत्र चार मितींत मांडणारे मिन्कोव्स्कीचे प्रसिद्ध व्याख्यान १९०८ चे. मात्र वेल्सला हे सारे आधीच कळले होते असे म्हणणे चूक होईल. चार मितींच्या भूमितीची चर्चा त्या काळी गणितज्ञांत चालू होती, आणि कालप्रवासी स्वतःच सायमन न्यूकम या खऱ्या खगोलशास्त्रज्ञाचे नाव घेतो.

यंत्र कसे होते? निकेल, पितळ, हस्तिदंत आणि स्फटिक यांचे. सायकलसारखे खोगीर, समोर दिवस मोजणाऱ्या तबकड्या, आणि दोन दांडे, एक पुढे जाण्याचा व एक मागे येण्याचा. त्या वर्षांत इंग्लंडमध्ये सायकलचे वेड होते आणि वेल्सलाही ते होते. म्हणून माणूस काळातही जणू सायकलवर बसून निघतो. काळप्रवासाची कल्पना जुनीच आहे. आपल्या भागवतात राजा ककुद्मी रेवतीसाठी वर विचारायला ब्रह्मलोकी जातो, गाणे संपेपर्यंत थांबतो, आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटून जातात. (ही कथा म्हणजे सापेक्षता सिद्धांत, असे कुणी भाषणात सांगितले की टाळ्या पडतात. मला ते पटत नाही. कथा म्हणूनच ती सुंदर आहे.) यंत्रही वेल्सने सर्वांत आधी लिहिले असे नाही. १८८७ साली एन्रिके गास्पार या स्पॅनिश लेखकाने ते लिहिले होते. पण ककुद्मीला आपण कुठे पोचणार ते ठाऊक नव्हते. कालप्रवाशाच्या हातात दांडा आहे. त्याने स्वतः हिशेब केला, स्वतः ठोकाठोक केली, आधी लहान नमुना करून पाहिला आणि मगच तो स्वतः बसला. 'टाइम मशीन' हा शब्दच वेल्समुळे रूढ झाला.

तो इसवी सन ८,०२,७०१ मध्ये पोचतो. तिथे फुलांच्या बागा आणि पडक्या भव्य इमारती, आणि त्यांत राहणारी नाजूक, बुटकी, हसरी एलॉय माणसे. ती फळे खातात, काम काहीच करत नाहीत, कशाविषयी पाच मिनिटांवर विचार करू शकत नाहीत. आपल्यातली एक जण, वीना, नदीत बुडत असताना ती नुसती बघत राहतात. प्रवासी तिला वाचवतो. त्याला आधी वाटते, माणसाने सगळे प्रश्न सोडवून टाकले म्हणून हा आराम आहे. मग त्याचे यंत्र चोरीला जाते. मग विहिरींसारखी भुयारे दिसतात, खालून यंत्रांची धडधड ऐकू येते, आणि कळते की जमिनीखाली मॉरलॉक नावाची पांढुरकी, उजेडाला भिणारी दुसरी जात राहते. तो सिद्धांत बदलतो: वरचे मालकांचे वंशज, खालचे कामगारांचे. वरचे राज्य करतात, खालचे राबतात. मग एक दिवस खाली उतरून पाहतो, तिथले मांस पाहतो, आणि तोही सिद्धांत मोडतो. राज्य कधीच उलटलेले आहे. खालचे वरच्यांना गुरांसारखे पाळतात आणि खातात.

मुलांना इथे राक्षसांची गोष्ट दिसते, आणि दिसू द्यावी. मला या माणसाचे एकच वैशिष्ट्य सर्वांत मोठे वाटते. तो चुकतो, आणि चुकलो असे मोकळेपणाने सांगतो. पुरावा मिळाला की कालचे मत टाकून देतो. आपल्या विज्ञान प्रदर्शनात प्रयोग फसला की मुले तक्ता झाकून ठेवतात. त्यांनी हे चार अध्याय अवश्य वाचावेत.

आणि हे मॉरलॉक आले कुठून? वेल्सच्या घरचे स्वयंपाकघर दुकानाखाली तळघरात होते. वरच्या जाळीतून त्याला रस्त्याने जाणाऱ्यांचे जोडे दिसत. आई ज्या अपपार्कच्या वाड्यात कामाला होती तिथे नोकरांचे जग जमिनीखाली होते. मालकांच्या नजरेला पडू नये म्हणून नोकर भुयारांतून ये-जा करत. ज्या मुलाने जगाकडे खालून पाहिले, त्यानेच हे लिहिले. आपल्या घरी भांडी घासायला येणाऱ्या मावशींचे पूर्ण नाव काय, असा प्रश्न मी एकदा नववीच्या वर्गात विचारला होता. बेचाळीस मुलांपैकी सहांना ठाऊक होते.

पुढे प्रवाशाला हिरव्या चिनीमातीचा एक प्रचंड वाडा सापडतो. ते जुने वस्तुसंग्रहालय असते. तिथे ग्रंथालयही आहे, पण पुस्तकांच्या चिंध्या लोंबत आहेत, अक्षर उरलेले नाही. त्याच्या उपयोगी पडतात काड्यापेटी आणि कापूर. हा भाग वाचताना मला आपल्या शाळेच्या ग्रंथालयातली उत्तरेकडची दोन कपाटे आठवली. तिथली मराठी पुस्तके आपल्या आजोबा-पणजोबांनी वर्गणी काढून आणली आहेत. त्यांतल्या कित्येकांच्या शेवटच्या पानावरील तारखेचा शिक्का १९९० च्या आसपासचा आहे. वाळवी लागलेली नाही, तेवढे आम्ही पाहतो.

रानात वणवा लागतो, त्या धुमश्चक्रीत वीना हरवते. प्रवासी यंत्र मिळवतो आणि आणखी पुढे, तीन कोटी वर्षे पुढे, जातो. समुद्राकाठी थंडी, सूर्य लाल आणि मंद, पृथ्वीचे फिरणे थांबलेले. हे आज आपण चूक म्हणू. सूर्याचे वय सुमारे ४६० कोटी वर्षे आहे आणि अजून जवळपास ५०० कोटी वर्षे तो तळपणार आहे. पण वेल्सच्या काळी सूर्याला ऊर्जा कशी मिळते हेच माहीत नव्हते. तो आकुंचन पावत तापतो असे धरून लॉर्ड केल्विन यांनी काही कोटी वर्षांचाच हिशेब मांडला होता. केंद्रकांच्या मीलनाचा उलगडा विसाव्या शतकातला. म्हणजे वेल्सची चूक ही त्या काळच्या उत्तम विज्ञानाची चूक होती.

तो परततो तेव्हा धुळीने माखलेला, लंगडत, आणि जेवण मागतो! मित्रांना त्याची कहाणी पटत नाही. पुरावा काय, तर वीनाने खिशात घातलेली दोन पांढरी फुले, जी कोणत्या जातीची ते डॉक्टरला ओळखता येत नाही. आणि आणखी एक, जो मला फार आवडतो: यंत्र प्रयोगशाळेच्या एका कोपऱ्यातून निघाले होते आणि परतले ते समोरच्या भिंतीपाशी. जेवढे अंतर मॉरलॉकांनी ते भविष्यात ओढून नेले होते, नेमके तेवढेच. दुसऱ्या दिवशी तो कॅमेरा घेऊन पुन्हा जातो. तीन वर्षे झाली, आलेला नाही, असे कथा सांगणारा मित्र म्हणतो.

त्याचा वारसा तर सगळीकडे पसरला आहे. चित्रपटांनी त्याला नावेही दिली: १९६० मध्ये जॉर्ज, २००२ मध्ये अलेक्झांडर. हा दुसरा चित्रपट वेल्सचा पणतू सायमन वेल्स याने दिग्दर्शित केला. तेलुगूतला 'आदित्य ३६९' (१९९१) पाहिला असेल तर त्यातले प्रोफेसर रामदास याच घराण्यातले. आपल्या मराठीत डॉ. जयंत नारळीकरांनी गंगाधरपंतांना पानिपताचा निकाल उलटा लागलेल्या इतिहासात नेले. तिथे यंत्र नाही, एक अपघात आहे. नारळीकर वाढले वाराणसीत, म्हणजे तुमच्यासारखेच घरात मराठी आणि दाराबाहेर हिंदी. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला त्यांनी पहिली कथा पाठवली ती टोपणनावाने, आपल्या नावाला बक्षीस मिळू नये, कथेला मिळावे म्हणून. कथेला पहिले बक्षीस मिळाले. मे २०२५ मध्ये ते गेले, तेव्हा प्रार्थनेनंतर आपण दोन मिनिटे उभे राहिलो होतो.

आता त्या मुलाच्या प्रश्नाकडे येतो.

पुढे जाता येते. हे सिद्ध झालेले आहे. वेगात असलेले घड्याळ सावकाश चालते, आणि पृथ्वीपासून उंचावरचे घड्याळ थोडे जलद चालते. ऑक्टोबर १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग या दोघांनी अणुघड्याळे साध्या प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवून आणली आणि सेकंदाच्या अब्जांश भागांतला फरक मोजला. जीपीएसच्या उपग्रहांवरील घड्याळे आपल्यापेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. ही दुरुस्ती केली नाही तर एका दिवसात नकाशा दहा किलोमीटरने चुकेल. राजवाड्याहून विजयनगरला निघालेला माणूस भलतीकडेच पोचायचा! अंतराळ स्थानकावर वेगाचा परिणाम जास्त असल्याने तिथे काळ सावकाश जातो. शुभांशु शुक्ला जून-जुलै २०२५ मध्ये वीस दिवस वर होते. माझ्या हिशेबाने ते आपल्यापेक्षा सुमारे अर्धा मिलिसेकंद कमी वयाचे होऊन परतले. तेवढेच ते आपल्या भविष्यात आले.

मागे जाता येत नाही. आजवर कुणालाही जाता आलेले नाही. १९४९ साली कुर्ट गोडेल यांनी आइन्स्टाइनच्या समीकरणांतूनच असे एक विश्व दाखवले की जिथे मागे फिरता येईल, पण ते विश्व सगळेच्या सगळे फिरणारे आहे, आपले तसे नाही. स्टीफन हॉकिंग यांनी २८ जून २००९ रोजी काळप्रवाशांसाठी मेजवानी ठेवली आणि निमंत्रणे मेजवानी झाल्यानंतर जाहीर केली. कुणीही आले नाही.

एवढे सांगून मी थांबलो असतो. पण वाचताना मला रोनाल्ड मॅलेट भेटले. न्यूयॉर्कमध्ये वाढलेला हा मुलगा. वडील टीव्ही दुरुस्त करायचे, मुलाला प्रत्येक यंत्र उघडून दाखवायचे. १९५५ साली ते हृदयविकाराने गेले, अवघ्या ३३ व्या वर्षी. मुलगा दहा वर्षांचा होता. वर्षभराने त्याच्या हाती 'द टाइम मशीन'ची चित्रकथा पडली. त्याने ठरवले की असे यंत्र करायचे, मागे जायचे आणि वडिलांना सावध करायचे. वडिलांच्या जुन्या सामानातून त्याने पहिले यंत्र जोडलेही. ते चालले नाही. मग त्याला कळले की यासाठी भौतिकशास्त्र यावे लागेल. १९७३ मध्ये त्याने डॉक्टरेट मिळवली, आणि तो कनेक्टिकट विद्यापीठात प्राध्यापक झाला. खरा हेतू त्याने कित्येक वर्षे कुणाला सांगितला नाही. लोक हसतील म्हणून कृष्णविवरांचा अभ्यास करतो असे सांगत असे. २००० साली त्याने प्रकाशाच्या फिरत्या वलयाचे गणित प्रसिद्ध केले. इतर शास्त्रज्ञांनी त्यात गंभीर उणिवा दाखवल्या आहेत, आणि यंत्र झालेले नाही. शिवाय त्याचे स्वतःचेच गणित सांगते की असे यंत्र केले तरी ते सुरू केल्याच्या क्षणाच्या मागे जाता येणार नाही. म्हणजे १९५५ पर्यंत तर नाहीच. हे त्याला चांगले माहीत आहे.

हे मी त्या मुलाला मागच्या शनिवारी सांगितले. तो म्हणाला, "पण सर, त्यांनी फिजिक्स शिकलं." मी म्हटले, "हो." मग त्याने विचारले की ती चित्रकथा आपल्या ग्रंथालयात आहे का. चित्रकथा नाही. मूळ कादंबरी इंग्रजीत आहे, उत्तरेकडच्या दुसऱ्या कपाटात वरून तिसऱ्या फळीवर. सध्या ती त्याच्याकडे आहे. त्याच्यानंतर ज्यांना हवी असेल त्यांनी ग्रंथपाल मॅडमकडे नाव लिहून ठेवावे.

पुढच्या अंकात काही पाने विद्यार्थ्यांच्या विज्ञानकथांसाठी राखून ठेवली आहेत. कथा मराठीत असावी, स्वतःच्या हस्ताक्षरात, कागदाच्या एकाच बाजूला लिहिलेली. टोपणनाव चालेल, मात्र खरे नाव व इयत्ता वेगळ्या चिठ्ठीवर द्यावी. कथा अर्धवट राहिली तरी पाठवा.

- प्राचार्य